एका न्यायाधीशाने कोर्टाला कुलूप लावले तेव्हा : मुंबई, १८२९

#धागा

१ एप्रिल १८२९. मुंबईच्या कोटातील सुप्रीम कोर्टाचे एकमेव उरलेले न्यायाधीश सर जॉन पीटर ग्रँट यांनी त्या दिवशी कोर्टाचे कामकाज बंद केले. सुट्टी नव्हती, साथ नव्हती, लढाई नव्हती. या कोर्टाचा हुकूम पाळला जाणार नाही, असे खुद्द मुंबई सरकारने लेखी कळवले होते. आणि ज्याचे हुकूम पाळले जात नाहीत असे न्यायालय उघडे ठेवणे म्हणजे निव्वळ सोंग, असा ग्रँट यांचा निष्कर्ष होता. (तारीख एप्रिल फूलची असली तरी प्रकरण पूर्ण गंभीर होते.)

या बंद दारामागे पुण्यातला एक पोरसवदा मुलगा होता. त्याचे नाव मोरो रघुनाथ.

प्रथम एक गोष्ट स्पष्ट व्हायला हवी. हे ‘सुप्रीम कोर्ट’ म्हणजे आजचे दिल्लीचे सर्वोच्च न्यायालय नव्हे. कलकत्ता, मद्रास आणि मुंबई या तीन शहरांत इंग्लंडच्या राजाच्या सनदेने स्थापन झालेली ही न्यायालये होती. मुंबईचे कोर्ट १८२४ साली सुरू झाले. त्याचे न्यायाधीश राजा नेमत असे, कंपनी नव्हे. कंपनीची स्वतःची न्यायालये वेगळी होती. गावोगावच्या अदालती आणि त्यांच्यावर सदर अदालत अशी त्यांची रचना असे. एकाच मुलखात न्यायाची दोन घरे, दोन मालक. भांडण व्हायचेच होते.

राजाच्या कोर्टाची हद्दही चमत्कारिक होती. मुंबई बेटावर राहणारा प्रत्येक जण त्याच्या कक्षेत येई. बेटाबाहेर मात्र ब्रिटिश प्रजाजन आणि कंपनीचे नोकर एवढ्यांवरच त्याची सत्ता चाले. पुण्याचा एखादा ब्राह्मण गृहस्थ, जो कंपनीचा नोकर नाही आणि मुंबईत राहतही नाही, तो या कोर्टाच्या हाती लागतो की नाही? सगळे प्रकरण या एका प्रश्नावर उभे राहिले.

मोरो रघुनाथ चौदा वर्षांच्या आसपासचा. तो पुण्यात पांडुरंग रामचंद्र या आपल्या चुलत आजोबांच्या ताब्यात होता. पांडुरंग रामचंद्र हे साधेसुधे असामी नव्हते. पेशवे घराण्याशी त्यांचा विवाहसंबंधातून नातेसंबंध होता आणि दख्खनच्या सरदारांत त्यांची गणना होत असे. मुलाला त्याच्या इच्छेविरुद्ध कोंडून ठेवले आहे, असा अर्ज १८२८ साली मुंबईच्या सुप्रीम कोर्टापुढे आला. कोर्टाने पांडुरंग रामचंद्र यांच्यावर हेबियस कॉर्पसचा हुकूम काढला.

‘हेबियस कॉर्पस’ या लॅटिन शब्दांचा सरळ अर्थ असा की त्या माणसाचा देह आमच्यापुढे आण आणि त्याला कोणत्या अधिकाराने अडकवून ठेवले आहेस ते सांग. या हुकमाला उत्तर द्यावेच लागते. ‘मी तुमच्या हद्दीत येत नाही’ हेही उत्तरच आहे, पण ते कोर्टात येऊन द्यायचे असते. उत्तर दिलेच नाही तर हुकूम पुन्हा निघतो, मग तिसऱ्यांदा निघतो, दंडाची टांगती तलवार येते आणि शेवटी येते न्यायालयाच्या अवमानाबद्दलची अटक.

या सबंध यंत्रात एक उणीव आहे. न्यायाधीशाकडे शिपाई नसतात. शेरीफ असतो, त्याचे चार-दोन बेलिफ असतात. पण घाट चढून पुण्याला जायचे, एका सरदाराच्या वाड्यात शिरायचे आणि मुलाला बाहेर काढायचे, तर शेवटी सरकारचीच फौज मागावी लागते. सरकारच आडवे उभे राहिले तर?

हा प्रश्न काल्पनिक नव्हता. पन्नास वर्षांपूर्वी कलकत्त्यात तो प्रत्यक्ष घडून गेला होता. तिथे थोडा वेळ थांबलेच पाहिजे, कारण मुंबईतल्या दोन्ही पक्षांच्या डोळ्यांसमोर तीच घटना होती.

१७७९. मिदनापूरकडील काशीजोडाचा राजा सुंदरनारायण याच्याविरुद्ध काशिनाथ बाबू नावाच्या सावकाराने कलकत्त्याच्या सुप्रीम कोर्टात पैशाचा दावा लावला. जमीनदार या कोर्टाच्या हद्दीत येत नाहीत, असे वॉरन हेस्टिंग्ज यांच्या कौन्सिलने ठरवले आणि राजाला कोर्टाची दखल घेऊ नकोस असे कळवले. शेरीफची माणसे राजाच्या वाड्यावर चालून गेली, त्यांनी जनानखान्यात आणि देवघरात धुडगूस घातला. मग कौन्सिलने लष्कर पाठवले आणि कंपनीच्या शिपायांनी राजाच्या कोर्टाच्या माणसांनाच पकडले.

सरन्यायाधीश होते सर इलायजा इम्पी. हेस्टिंग्ज आणि इम्पी हे वेस्टमिन्स्टर शाळेतले सोबती. पण मैत्री या वेळी कामी आली नाही. इम्पींच्या कोर्टाने अवमानाचे अस्त्र काढले. ते कोणावर पडावे? गव्हर्नर जनरलवर नाही, फौजेच्या अधिकाऱ्यावर नाही. कंपनीचा वकील नॉर्थ नेलर याच्यावर. तो तुरुंगात गेला. ज्यांनी हुकूम मोडण्याचे ठरवले ते आपल्या खुर्चीवर राहिले आणि ज्याने त्यांचे कागद सांभाळले तो कोठडीत गेला. अवमानाच्या खटल्यांच्या इतिहासात हे दृश्य पुन्हा पुन्हा दिसते. १७८१ साली पार्लमेंटने कायदा करून कोर्टाचे पंख कापले : गव्हर्नर जनरल आणि कौन्सिल यांच्या सरकारी कृत्यांवर कोर्टाला हात टाकता येणार नाही, आणि केवळ जमीनदार आहे म्हणून कोणी कोर्टाच्या कक्षेत येणार नाही. मुंबईच्या गव्हर्नरालाही पुढे असेच संरक्षण मिळाले.

आता पुन्हा मुंबईत येऊ. १८२८ साली गव्हर्नर होते सर जॉन माल्कम. मराठी वाचकाला हे नाव ठाऊक असते ते वेगळ्या कारणाने. जून १८१८ मध्ये दुसऱ्या बाजीरावाने शरणागती पत्करली ती याच माल्कमपुढे, आणि सालीना आठ लाखांचे पेन्शन कबूल करून त्याला उत्तरेत धाडण्याचा करार केला तोही यांनीच. दहा वर्षांनी तेच गृहस्थ मुंबईच्या गादीवर होते.

माल्कम यांची बाजू समजून न घेता या प्रकरणाचा न्याय करता येत नाही. पेशवाई बुडून पुरते एक तप झाले नव्हते. एल्फिन्स्टन यांनी दख्खनची घडी बसवताना जुन्या सरदारांचा मानमरातब शक्यतो राखला होता. सामान्य दिवाणी न्यायालयांत त्यांना खेचले जाऊ नये, म्हणून १८२७ च्या कायद्यात त्यांच्यासाठी पुण्याला स्वतंत्र एजंटाची व्यवस्था होती. अशा सरदाराला मुंबईहून निघालेल्या इंग्रजी कागदाने बोलावून परक्या भाषेच्या कोर्टात उभे करायचे, म्हणजे दिलेला शब्द मोडणे. आणि कंपनीच्या डोक्यावर आणखी कोणी मोठा बसला आहे, हे सगळ्या दख्खनला जाहीर करणे. या दोन्हींपैकी माल्कम यांना दुसऱ्याची भीती अधिक वाटत असावी. मुठीएवढ्या इंग्रजांचे राज्य दराऱ्यावर चालते, दराऱ्याला दोन धनी असू शकत नाहीत, ही त्यांची जन्मभराची समजूत होती.

याच सुमारास दुसरे एक प्रकरण चालू होते. ठाण्याच्या तुरुंगात असलेल्या बापू गणेश या कैद्यासाठी कोर्टाने तिथल्या जेलरवरच हेबियस कॉर्पस बजावला होता. म्हणजे आता केवळ सरदाराच्या वाड्याचा नव्हे, तर कंपनीच्या स्वतःच्या अदालतीने ज्याला डांबले त्याच्या कोठडीचाही दरवाजा राजाचे कोर्ट ठोठावू लागले होते.

३ ऑक्टोबर १८२८ रोजी माल्कम आणि त्यांच्या कौन्सिलने न्यायाधीशांना पत्र लिहिले. त्याचा आशय असा : मोरो रघुनाथ प्रकरणी पुढची कोणतीही कारवाई होऊ दिली जाणार नाही, मुंबई बेटाबाहेर राहणारे एतद्देशीय लोक आणि जिल्ह्यांच्या अदालतींचे अधिकारी यांच्यावर काढलेल्या अशा हुकमांना उत्तर दिले जाणार नाही. आपण यात मोठी जोखीम शिरावर घेत आहोत, हेही पत्रात मान्य होते.

हे पत्र नीट वाचले पाहिजे. सरकारने अपील केले नाही. पांडुरंग रामचंद्र यांच्या वतीने वकील उभा करून ‘हे तुमच्या हद्दीबाहेर आहे’ असा युक्तिवाद मांडून निकाल घेतला नाही. तो मार्ग पूर्ण मोकळा होता. त्याऐवजी चालू प्रकरणात, खटल्याचा पक्षकारही नसलेल्या सरकारने थेट न्यायाधीशांनाच कळवले की तुमचा हुकूम चालणार नाही. एखाद्या सामान्य माणसाने असे पत्र लिहिले असते तर तो संध्याकाळपर्यंत तुरुंगात असता.

कोर्टाची अवस्था या वेळी विलक्षण नाजूक होती. पहिले सरन्यायाधीश सर एडवर्ड वेस्ट ऑगस्टमध्येच वारले होते. (अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्यांनी कान टवकारावेत : जमिनीच्या खंडाचा सिद्धांत रिकार्डो आणि माल्थस यांच्याबरोबरच १८१५ साली मांडणारे वेस्ट ते हेच.) उरले सर चार्ल्स चेंबर्स आणि ग्रँट. दोघांनी पत्राची दखल घेण्याचे नाकारले. या भिंतींच्या आत कंपनी म्हणजे इतर पक्षकारांसारखीच एक पक्षकार, तिला न्यायासनाला पत्र लिहून सूचना देण्याचा अधिकार नाही, अशी त्यांची भूमिका होती, आणि ती त्यांनी भर कोर्टात मांडली. त्यानंतर काही दिवसांतच चेंबर्सही वारले.

तिघांच्या पीठावर आता एकटे ग्रँट.

त्यांच्या हातात काय होते? गव्हर्नर आणि कौन्सिल यांच्यावर कारवाई करता येत नव्हती. कायद्याने त्यांना अभय होते. पांडुरंग रामचंद्र यांच्यावर अवमानाची अटक काढता येत होती, पण ती बजावणार कोण? पुण्याच्या अधिकाऱ्यांना सरकारचे आदेश आधीच गेलेले. आणि समजा नेलरसारखा एखादा दुय्यम माणूस पकडून आत टाकला, तर त्याने मूळ हुकूम पाळला जाणार नव्हता. ग्रँट यांनी इंग्लंडच्या राजाकडे अर्ज धाडला. त्या काळी जहाजाने पत्र जाऊन उत्तर यायला कित्येक महिने लागत. मधल्या काळात मोरो रघुनाथ प्रकरणात हुकूम पुन्हा बजावला गेला आणि पुन्हा वाया गेला. मग आला १ एप्रिल.

कोर्ट बंद करण्याचा निर्णय योग्य होता का? इथे ग्रँट यांच्या चाहत्यांनीही थोडे थांबावे. बेटावरच्या हजारो लोकांचे दावे, वारसाहक्क, दिवाळखोरीची प्रकरणे, फौजदारी खटले यांचा पुण्याच्या मुलाशी काहीच संबंध नव्हता. सरकारने तोडलेल्या हुकमाची किंमत या लोकांनी मोजली. आपल्या संस्थेचा मान राखण्यासाठी न्यायाधीशाने पक्षकारांनाच दाराबाहेर उभे केले, ही टीका खोडून काढणे कठीण आहे. परंतु दुसरा उपाय कोणता होता, हे सांगणेही तितकेच कठीण.

मुंबईच्या हिंदी रहिवाशांची सहानुभूती मात्र बहुतांशी राजाच्या कोर्टाकडे होती, आणि तिला कारण होते. वेस्ट यांनी मुंबईच्या पोलीस कचेरीतील मनमानी शिक्षा उजेडात आणल्या होत्या; १८२६ मध्ये वृत्तपत्रांवर बंधने घालणारा कायदा नोंदवून घ्यायलाही त्यांच्या कोर्टाने नकार दिला होता. वेस्ट वारल्यावर शहरातल्या हिंदू, पारशी आणि मुसलमान मंडळींनी वर्गणी काढून त्यांच्या नावाने शिष्यवृत्त्या ठेवल्या. फटके मारणाऱ्या सरकारला कोणीतरी जाब विचारू शकतो, हा अनुभव लोकांना नवा होता आणि त्यांनी त्याची किंमत ओळखली होती.

लंडनमध्ये काय चालले होते? हिंदुस्थानचा कारभार पाहणाऱ्या बोर्ड ऑफ कंट्रोलचे अध्यक्ष लॉर्ड एलेनबरो यांनी फेब्रुवारी १८२९ मध्ये माल्कम यांना एक खासगी पत्र पाठवले. मुंबईला दोन नवे न्यायाधीश येत आहेत, त्यांच्यामध्ये ग्रँट यांची स्थिती दोन माणसाळलेल्या हत्तींमध्ये सापडलेल्या रानटी हत्तीसारखी होईल, अशा अर्थाचा विनोद त्यात होता. पुढे हे पत्र फुटले, हिंदुस्थानातल्या वर्तमानपत्रांत छापून आले आणि इंग्लंडातही त्यावरून गदारोळ झाला.

तारखा जुळवून पाहिल्या की विनोदाची चव कडू होते. ग्रँट यांच्या अर्जावर प्रिव्ही कौन्सिलपुढे युक्तिवाद व्हायचे होते. न्यायनिवाडा होण्यापूर्वीच मंत्र्याने माणसाळलेले हत्ती निवडून ठेवले होते. त्यांपैकी सरन्यायाधीश झालेले सर जेम्स ड्यूअर हे तर कालपर्यंत मुंबई सरकारचेच ॲडव्होकेट जनरल होते.

जून १८२९ मध्ये निर्णय झाला. प्रिव्ही कौन्सिलने ठरवले की हे हुकूम काढणेच चूक होते. बेटाबाहेर राहणाऱ्या आणि व्यक्तिशः कोर्टाच्या अधिकारात न येणाऱ्या माणसावर सुप्रीम कोर्टाला हेबियस कॉर्पस काढता येत नाही. कंपनीच्या अदालतीच्या जेलरवरही, तो जेलर या नात्याने, काढता येत नाही. मोरो रघुनाथ आणि बापू गणेश, दोन्ही प्रकरणे ग्रँट हरले.

सनदेची अक्षरे पाहता हा निर्णय चूक म्हणता येत नाही. पण त्यातून एक घातक गैरसमज जन्माला येतो आणि तो आजही वादविवादात ऐकू येतो : हुकूमच चुकीचा होता, मग तो मोडला तर बिघडले कुठे? हे दोन प्रश्न वेगळे आहेत. हुकूम बरोबर होता का, हा एक. तो चूक आहे हे कोणी ठरवायचे, हा दुसरा. माल्कम पहिल्या प्रश्नात बरोबर निघाले. दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर मात्र त्यांनी स्वतःच देऊन टाकले होते, लंडनचा निर्णय येण्याच्या आठ महिने आधी.

दुसऱ्या प्रश्नाचे स्पष्ट उत्तर स्वतंत्र भारतात मिळाले. जमीनदारी निर्मूलनाच्या काळात राणी सोनाबती कुमारी यांच्या दाव्यात दिवाणी न्यायालयाने बिहार सरकारला तात्पुरता मनाई हुकूम दिला होता. तो असताना सरकारने त्यांची इस्टेट ताब्यात घेण्याची अधिसूचना काढली. सरकारवर अशी कारवाई होऊच शकत नाही, हा बचाव सर्वोच्च न्यायालयाने फेटाळला. हुकूम चुकीचा वाटत असेल तर तो रद्द करून घ्या. तोवर सरकारनेही तो पाळलाच पाहिजे. निकाल प्रसिद्ध आहे तो १९६१ च्या नोंदीने. गंमत अशी की जमीनदारी संपवणारा मूळ कायदा वैध ठरलेला होता. म्हणजे या वेळीही सरकारची मूळ बाजू भक्कम होती, आणि तरीही ते दोषी ठरले.

महाराष्ट्रापुरते बोलायचे तर मे २००६ चा प्रसंग विसरता येत नाही. जंगलांसंबंधीच्या गोदावर्मन खटल्यात लाकूड गिरण्यांच्या परवान्यांवर सर्वोच्च न्यायालयाने निर्बंध घातले असताना राज्यात काही कारखान्यांना परवानगी दिली गेली. वनखाते सांभाळलेले मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि खात्याचे प्रधान सचिव अशोक खोत या दोघांनाही अवमानाबद्दल एकेक महिन्याची कैद झाली. या वेळी शिक्षा केवळ नेलरच्या वाट्याला आली नाही. खुर्चीवरचा माणूसही आत गेला.

ग्रँट यांचे पुढे काय झाले? त्यांनी मुंबई सोडली, कलकत्ता गाठले आणि १८३३ मध्ये तिथल्या सुप्रीम कोर्टाचे न्यायाधीश झाले. दोन्ही ‘माणसाळलेले हत्ती’, ड्यूअर आणि सर विल्यम सीमूर, १८३० संपण्यापूर्वीच मुंबईत मरण पावले. मुंबईचे हवामान कोणत्याच बाजूचे नव्हते. १८६२ साली राजाचे कोर्ट आणि कंपनीची सदर अदालत यांना एकत्र करून मुंबईचे हायकोर्ट उभे राहिले आणि न्यायाची दोन घरे एका छपराखाली आली.

मोरो रघुनाथचा प्रश्न मात्र त्यानेही सुटला नाही. हायकोर्टाचा हेबियस कॉर्पसचा अधिकार फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४९१ मध्ये आला तेव्हाही तो मुंबई शहराच्या हद्दीपुरताच होता. कोंडून ठेवलेल्या पुणेकराला समोर आणा, असा हुकूम मुंबईच्या न्यायाधीशाला या कलमाखाली काढता येऊ लागला तो १९२३ च्या दुरुस्तीनंतर. तोवर मोरो रघुनाथची शंभरी उलटून गेली असती.